माळवदावरची माती

अकरा महिने आधी

भूकंपाचा घटनाक्रम बहुधा पहिल्या मोठ्या धक्क्यापासून लिहितात. किल्लारीचा तसा लिहिता येत नाही. तेरणाकाठची ती जमीन वर्षभर आधीपासून बोलत होती. १९९२च्या पावसाळ्यात धक्के सुरू झाले. १८ ऑक्टोबर १९९२ रोजी चारच्या पुढच्या तीव्रतेचा धक्का बसला, घरांच्या भिंती तडकल्या, आणि औसा तालुक्यातल्या त्या भागात माणसे घर सोडून अंगणात, रानात, देवळासमोरच्या मोकळ्या जागेत निजू लागली. धक्क्याच्या आधी जमिनीखालून गडगड ऐकू यायची, जणू दूरवर कुणी बैलगाडी खडकावरून हाकते आहे.

हे मला सांगितले काकांनी. कोराडीच्या वीज वसाहतीत ते आमच्या शेजारच्या क्वार्टरमध्ये राहायचे. मूळचे किल्लारीजवळच्या एका खेड्यातले, विद्युत मंडळाच्या नोकरीने नागपूरला आलेले. त्या वर्षी लक्ष्मीपूजन २५ ऑक्टोबरला होते. काका दिवाळीला गावी गेले तर अख्खी गल्ली बाहेर. बाजा अंगणात, गोधड्या अंगणात, कंदीलही लिंबाच्या फांदीला टांगलेला. फराळाचे डबे तेवढे आत.

गाव दुसरीकडे हलवा, अशी मागणीही तेव्हा झाली. पण देशाच्या भूकंपप्रवणतेच्या नकाशात तो सारा मुलूख सर्वांत कमी धोक्याच्या पट्ट्यात, विभाग एकमध्ये होता. दख्खनचे पठार म्हणजे घट्ट, जुना, हलायला विसरलेला खडक, असेच सगळे मानत. कोयनेला १९६७ साली ११ डिसेंबरच्या पहाटे मोठा भूकंप झाला होता, पण त्याचे कारण लोक धरणाशी जोडत. माकणीजवळ तेरणेवरही धरण होते, म्हणून किल्लारीतही तीच चर्चा झाली. त्यापुढे काही घडले नाही.

हिवाळा आला. धक्के विरळ झाले. थंडीत म्हातारी माणसे आणि तान्ही पोरे बाहेर किती दिवस निजवणार? काकांची आई म्हणाली होती, ‘‘आता काय जन्मभर अंगणात पडून ऱ्हायचं व्हय?’’ बाजा आत गेल्या.

चार महिने आधी

मृगाच्या आधी मराठवाड्यात एक काम घरोघर ठरलेले असे. माळवदावर नवी माती टाकायची. हे काम मी जरा थांबून सांगतो, कारण पुढे जे झाले ते पुष्कळसे या मातीनेच केले.

माळवद म्हणजे सपाट, मातीचे छत. खाली लाकडाचे खांब, त्यांवर तुळया, त्यांवर आडव्या लाकडांची पाटण, आणि सगळ्यांत वर मातीचा जाड थर. मधे उजेडासाठी एक साणे. उन्हाळ्यात पारा चाळिसाच्या वर गेला तरी आत माठाजवळ बसल्यासारखे वाटावे, इतके हे घर थंड. पण पावसाने थोडी माती वाहून जाते, कुठे गळायला लागते, म्हणून दर वर्षी पांढरी माती आणून वर पसरायची, चोपायची. आजोबांनी टाकली, वडिलांनी टाकली, मुलाने टाकली. जुनी माती कुणी काढत नसे. थर फुटावरून दीड फुटावर, दोन फुटांवर गेला.

दहा फूट लांब, दहा फूट रुंद खोलीवर दोन फूट माती म्हणजे दोनशे घनफूट. वजन धरले तर नऊ टनांच्या आसपास. काका सांगायचे, ‘‘कोळशाचा एक भरला ट्रक. आम्ही त्याच्या खाली निजायचो.’’

आणि भिंती? दोन-अडीच फूट जाडीच्या, दगडाच्या. बाहेरून पाहणाऱ्याला किल्ला वाटावा. पण त्या भिंतीचे दोन पदर असत: आतला एक, बाहेरचा एक, मधे खडे, कपच्या आणि चिखल. दोन्ही पदरांना बांधून ठेवणारा आरपार दगड क्वचितच घातलेला. दगड जोडायला चुना नाही, सिमेंट नाही, मातीचा गारा. लाकडी सांगाडा आणि दगडी भिंत शेजारी उभी असत, पण एकमेकांत गुंतलेली नसत. आडवा हिसका बसला की भिंतीचे पदर सुटून एक आत कोसळणार, एक गल्लीत.

ज्याची ऐपत जास्त, त्याची भिंत जाड आणि माळवद जड. गावकुसाबाहेरच्या गरिबांच्या झोपड्या मात्र कुडाच्या, वर पाचटाचे छप्पर. हा फरक लक्षात ठेवा.

२९ सप्टेंबर १९९३, संध्याकाळ

अनंत चतुर्दशी. बुधवार. गावोगावी गणपती निघाले. लेझीम, गुलाल, टाळमृदंग. बरीच गावे उशिरापर्यंत जागी होती.

त्याच संध्याकाळी कोराडीत आमच्या वसाहतीचा गणपती तलावावर निघाला होता. मी शाळकरी पोर, ट्रॅक्टरवर मूर्तीजवळ बसायला मिळावे म्हणून दुपारपासून धडपडलेलो. तेव्हा कोराडीत सात संच होते आणि तलावाच्या पाण्यावर त्यांचे दिवे हलताना दिसत. काका आमच्याबरोबर तलावापर्यंत आले, आरती झाल्यावर डबा घेऊन रात्रपाळीला गेले. जाताना कपाळावरचा गुलाल रुमालाने पुसत होते. एवढे मला चांगले आठवते.

मध्यरात्र ते पहाट

मिरवणुकीतली माणसे नदीवरून परत आली, हातपाय धुऊन घरात शिरली. दमलेली माणसे आत, भिंतीच्या कडेला, जिथे नेहमीची जागा तिथे आडवी झाली. वर्षभरापूर्वी अंगणात निजलेले हेच लोक. पावसाळा सरत आला होता, छतावरची माती अजून ओलसर, म्हणजे आणखी जड.

मुंबईत तेव्हाचे मुख्यमंत्री शरद पवार ‘वर्षा’वर जागे होते. परभणीतले विसर्जन लांबले होते, ते सुखरूप पार पडल्याचा निरोप आल्यावरच ते निजायला गेले, असे त्यांनी पुढे अनेकदा सांगितले आहे.

३ वाजून ५६ मिनिटे

भारताचा भूखंड वर्षाला सुमारे पाच सेंटिमीटर उत्तरेला सरकतो आणि हिमालयात अडतो. त्या रेट्याचा ताण दूर दक्षिणेपर्यंत, या जुन्या खडकातही साठत जातो. किल्लारीखाली तो एका जुन्या, वरून न दिसणाऱ्या भेगेवर साठला होता. पुढे राष्ट्रीय भूभौतिक संशोधन संस्थेने तिथे ६१७ मीटर खोल विंधले. वरचा काळा बेसॉल्ट ३३८ मीटरच निघाला. त्याखाली अतिप्राचीन खडक. ज्याला आपण अचल पठार म्हणतो, ती भेगाळलेल्या पायावर घातलेली काळी गोधडी होती.

पहाटे ३:५६ ला ती भेग सरकली. एक बाजू दुसरीवर चढली. तीव्रता ६.२ ते ६.४. जगाच्या मानाने हा मध्यम भूकंप. पण तो जमिनीच्या पोटात फार खोल नव्हता. काही किलोमीटर खाली, थेट घरांच्या पायाशी. तळणीच्या बाजूला शेतात जमीन वर उचलली गेलेली पुढे दिसली.

भूकंपाची पहिली लाट हलकी असते, दुसरी आडवा हिसका देते. दूरच्या माणसाला दोन्हींमध्ये उठून बसायला वेळ मिळतो. किल्लारीत तो एक-दोन सेकंदांचा होता. डोळा उघडला तेव्हा भिंत सुटलेली होती. जे दाराबाहेर पडू शकले त्यांच्यावर अरुंद गल्लीत दोन्ही बाजूंचे दगड आले. जे आत राहिले त्यांच्यावर माळवद. कित्येक घरांत लाकडी खांब सकाळी जागच्या जागी उभे होते, भोवती भिंत नव्हती आणि वर छत नव्हते.

सारे मिनिटभराच्या आत झाले.

कुडाच्या झोपड्याही हलल्या, पण छप्पर अंगावर आले तरी ते पाचटाचे होते. त्यांतली पुष्कळ माणसे वाचली. रानात राखणीला गेलेले, गोठ्याबाहेर निजलेले वाचले. काकांचा धाकटा भाऊ उसाला पाणी द्यायला गेला होता, तो वाचला. आई, भावजय आणि भावाची दोन मुले घरात होती.

४ ते ७

‘वर्षा’ची तावदाने थरथरली. पवारांनी पहिला फोन कोयनेला लावला, कारण महाराष्ट्रात भूकंप म्हटले की कोयनाच सुचते. तिकडून कळले की केंद्र कोयनेत नाही, लातूरकडे आहे. सकाळीच ते विमानाने लातूरकडे निघाले. लातूरचे तेव्हाचे जिल्हाधिकारी प्रवीणसिंह परदेशी यांची गाडीही किल्लारीच्या रस्त्याला लागली.

गावात काय होते? काकांच्या भावाने सांगितलेले एवढेच लिहितो. तो शेतातून धावत आला तेव्हा चतुर्दशीचा चंद्र होता, पण गाव दिसत नव्हते. जिथे गाव तिथे धुळीचा ढग उभा होता. ओरडणे ऐकू येत नव्हते. ओरडायलाही तोंडात माती नसावी लागते. मग ढगातून आधी कुत्री भुंकल्याचा आवाज आला, मग एका बाईचा.

उजाडले तेव्हा तो घर शोधत होता. गल्ल्या राहिल्या नव्हत्या, सगळीकडे सारख्याच उंचीचा दगडमातीचा ढिगारा. लिंबाचे झाड उभे होते. त्यावरून त्याने अंदाजाने पावले मोजली आणि हातांनी उकरायला लागला. टिकाव आणि फावडे घरात, म्हणजे खाली होते.

८ वाजता, कोराडी

रात्रपाळी सुटली. कोराडीत काही कळले नव्हते, संच चालू होते. काका क्वार्टरवर आले, आंघोळ केली आणि रेडिओवर किल्लारीचे नाव ऐकले. नाव ऐकल्यावर त्यांनी आवाज वाढवला नाही, बंद केला, हे काकूंना विचित्र वाटले होते. मग ते पायात चप्पल न घालता आमच्या दारात आले आणि वडिलांना म्हणाले, ‘‘भाऊ, पैसे आहेत का थोडे? गावी जायचंय.’’

यवतमाळ, नांदेड करत एसटीने ते रात्री लातूरला पोहोचले. पुढे मिळेल त्या ट्रकने, आणि लामजना पाटीपासून बरेचसे पायी.

दुसरा दिवस आणि पुढचे दिवस

सैन्य आले होते. पुण्या-सोलापूरहून, लातूर-उमरग्याहून तरुण स्वतःहून आले होते. सास्तूर, मंगरूळ, एकोंडी, राजेगाव, होळी, पेठसांगवी, तळणी, चिंचोली रेबे... ज्या गावाचे नाव घ्यावे तिथे तेच चित्र. चितांना लाकूड कमी पडले तेव्हा पडलेल्या घरांच्याच तुळया आणि खांब लावले. एका चितेवर एकच देह ठेवायची सोय उरली नव्हती. मग पाऊस आला. उकरलेली माती चिखल झाली, पेटलेली लाकडे विझू लागली, आणि वास पसरला. काकांनी आपली चार माणसे एकत्रच अग्नीला दिली. चिता ज्या तुळईची केली तिच्यावर लहानपणी त्यांनी खिळ्याने नाव कोरले होते. जळताना ते अक्षर त्यांना दिसले, असे ते म्हणत.

आशा सुटल्यानंतर एक गोष्ट घडली. मंगरूळमध्ये सैनिकांना ढिगाऱ्याखाली पलंगाच्या पोकळीत दीड वर्षाची मुलगी जिवंत सापडली. भूकंपाला तेव्हा पाच दिवस उलटत आले होते. अधिकारी सुमीत बक्षी यांनी तिला बाहेर काढले. त्या आठवड्यात मराठवाड्यात माणसे एवढी एकच बातमी एकमेकांना पुन्हा पुन्हा सांगत होती.

सरकारी आकडा ७,९२८ मृतांचा. सुमारे सोळा हजार जखमी. लातूर आणि तेव्हाच्या उस्मानाबाद जिल्ह्यांतली ५२ गावे अशी पडली की त्यांना मूळ जागी उभे करता येणार नव्हते.

नंतरची वर्षे

काकांच्या भावाला पत्र्याचे शेड मिळाले. माळवदाच्या सावलीत वाढलेली माणसे उन्हाळ्यात पत्र्याखाली भाजली. पक्की घरे यायला कुणाला दोन वर्षे लागली, कुणाला त्याहून जास्त. जागतिक बँकेच्या कर्जातून राज्य सरकारने पुनर्वसनाचा कार्यक्रम १९९४ मध्ये हाती घेतला. घराचे क्षेत्र जमिनीवर ठरले: भूमिहीन आणि एक हेक्टरपर्यंतच्या शेतकऱ्याला २५० चौरस फूट, सात हेक्टरपर्यंत ४००, त्यापुढे ७५०. हिशेबाला सोपे, पण नव्या गावात एका आळीला मोठी घरे आणि दुसरीला लहान अशी सरळ रेघ पडली. जुन्या गावातली वाकडी गल्ली, जिथे एका ओट्यावरून दुसऱ्या ओट्यावर आमटीची वाटी जायची, ती चौकटीच्या रस्त्यांत हरवली. गाव पसरले इतके की म्हाताऱ्या माणसाला भाऊबंदांकडे जायला निम्मी सकाळ लागे. पाण्याची नळयोजना, रस्ते, दिवे सगळेच लांबले आणि ग्रामपंचायतीला पेलेना. यावर टीका झाली आणि ती रास्त होती. घाईत माणसांना वाचवणे शक्य असते, घाईत गाव वसवता येत नाही.

पण ज्यांनी मनापासून काम केले त्यांचे ऋण मोठे आहे. भारतीय जैन संघटनेचे शांतिलाल मुथ्था यांनी सुमारे १,२०० मुले पुण्याला नेली, शिकवली, मोठी केली. पन्नालाल सुराणा आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी नळदुर्गजवळ ‘आपलं घर’ उभे केले. सास्तूरला ‘स्पर्श’ रुग्णालय आले. आणि सर्वांत महत्त्वाचे मला वाटते ते बायकांचे काम. ज्या गावांतली घरे पूर्ण पडली नव्हती, फक्त तडकली होती, अशी दोन लाखांच्या आसपास घरे दुरुस्त आणि बळकट करायची होती. प्रेमा गोपालन यांच्या स्वयम् शिक्षण प्रयोगाने गावोगावच्या बायकांना ‘संवाद सहाय्यक’ म्हणून तयार केले. आयुष्यभर माळवदाला माती चोपणाऱ्या बाया गवंड्याला विचारू लागल्या: भिंतीत आरपार दगड कुठे घातलास? कोपरे कशाने बांधलेस? पट्टा भिंतीभर फिरवलास का? छतावरची माती कमी केलीस का?

२००१ मध्ये भूज हादरले तेव्हा यांतल्या काही बाया कच्छला गेल्या. २६ डिसेंबर २००४ ला सुनामी आल्यावर तामिळनाडूच्या किनाऱ्यावर गेल्या. भाषा येत नव्हती, समुद्र आयुष्यात पाहिला नव्हता. पण शेडमध्ये बसलेल्या बाईला काय विचारायचे आणि काय विचारायचे नाही, हे त्यांना ठाऊक होते.

त्या सुनामीचा घटनाक्रमही मी काकांबरोबर बसून वाचला होता. सुमात्राजवळ भूकंप भारतीय वेळेप्रमाणे सकाळी साडेसहाच्या सुमारास झाला आणि तामिळनाडूच्या किनाऱ्यावर लाट आली ती दोन तासांहून अधिक वेळाने. दोन तास! तेवढ्यात वाळूवरून मुलांना उचलून आत नेता आले असते. सांगायला यंत्रणाच नव्हती. ती पुढे हैदराबादला २००७ मध्ये उभी राहिली. काकांनी कागद खाली ठेवला. ‘‘त्यांना दोन तास होते. आम्हाला अकरा महिने होते की ओ.’’

भूकंप नेमका केव्हा होणार हे आजही कुणी सांगू शकत नाही. पण ती घरे हिसका सोसणार नाहीत हे १९९२ च्या दिवाळीत तडकलेल्या भिंतींवरून कळत होते. थर उतरवायचा, कोपरे बांधायचे, एवढे काम अकरा महिन्यांत काही घरांचे तरी झाले असते. मला राहून राहून हेच डाचते. किल्लारीनंतर नकाशा बदलला, २००२ मध्ये विभाग एक पुसून टाकला गेला, लातूर वरच्या पट्ट्यात गेले. नागपूर आणि कोराडी त्या नकाशात विभाग दोनमध्ये होते.

मे २०२४, कोराडी

मे महिन्यात नागपूर जिल्ह्यात सलग तीन दिवस सौम्य धक्क्यांची नोंद झाली. अडीचच्या आसपासचे. कुणाला जाणवले, पुष्कळांना नाही. कोळसा खाणींतल्या स्फोटांचे असतील असेही बोलले गेले. तेव्हा महादुल्यात माझ्या घराचे काम चालू होते, पहिल्या मजल्याचे खांब उभे राहत होते. काका निवृत्त होऊन इथेच राहिलेले. ते सकाळी फिरायला म्हणून आले आणि खिशातून टेप काढला.

सळयांच्या सांगाड्यापाशी बसून त्यांनी रिंगांमधले अंतर मोजले. खांब आणि तुळई जिथे भेटतात तिथे पुन्हा मोजले. ‘‘इथं जवळ जवळ पायजेत. मधल्यासारख्या नकोत.’’ मग एका रिंगेचे टोक बोटाने चाचपले. ते काटकोनात वळवून सोडलेले होते. हिसक्यात काँक्रीटचा पापुद्रा उडाला की असे टोक उघडते आणि रिंग सुटते.

‘‘टोक आतल्या बाजूला वळव, बाळा,’’ ते मिस्त्रीला म्हणाले.

‘‘काका, सगळ्याच का? चाळीस खांबांच्या?’’

‘‘सगळ्याच.’’

मिस्त्रीने माझ्याकडे पाहिले. मी मान हलवली. त्याने बांधणीच्या तारा सोडल्या, पहिली रिंग काढून पाटावर ठेवली आणि पाइप लावून टोक आत वळवले. काका उन्हात उकिडवे बसून राहिले, दुसरी रिंग हातात घेऊन.